हवेतला हात

मुखपृष्ठावर लाल टोप्या घातलेल्या गायिका हसत उभ्या आहेत, सगळ्या एकाच संगीत कंपनीच्या. एकीचा हात मात्र हवेतच आहे. कुणाच्या तरी खांद्यावर ठेवलेला, पण खांदाच नाही.

जपानी नाताळगाण्यांचा हा अल्बम मी माझ्या लेकीसाठी, सावनीसाठी, हौसेने मागवला.

"बाबा, तू नवी आवृत्ती आणलीस. माझी आवडती गायिका इथेच उभी होती. तिने कंपनी सोडली, म्हणून फोटोतून काढली, गाण्यातूनही काढली. तिचं कडवं आता दुसरीच कुणी गाते."

मला संताप आला. माणूस सोडून गेलं, म्हणून त्याचा आवाजही पुसायचा? तोही सणाच्या गाण्यांतून? आणि ही पुसापुशी मीच कौतुकाने घरात आणली!

"परत करू का गं?"

"राहू दे."

तिने गाणं लावलं. आवडतीचं कडवं येताच आवाज बंद केला आणि ते स्वतःच म्हटलं. तेवढा वेळ मला तो हात हवेतला वाटला नाही.