पवित्र तुकडी आणि आमचा फ्लॅटमेट

माझ्या सासऱ्यांचा सैन्याशी संबंध आला तो एवढाच, की पुण्यात ते ज्या बँकेत मॅनेजर होते तिच्या दारातल्या बंदूकधारी रखवालदाराला ते रोज सकाळी "काय, ठीक?" असं विचारायचे. तरीही प्राचीन ग्रीसमधली कुठलीही लढाई त्यांना विचारून झाली असती तर बरीच माणसं वाचली असती, असं त्यांचं ठाम मत आहे. सासूबाई गेल्यावर ते आमच्याकडे ऑकलंडला राहायला आले, तेव्हा दोन बॅगा घेऊन आले. एकीत कपडे, औषधं आणि मेतकूट. दुसरीत नुसती पुस्तकं. विमानतळावरच्या माणसाने मेतकूट उघडून हुंगून पाहिलं, खाली वर करून पाहिलं, आणि पुस्तकांची बॅग तशीच जाऊ दिली. खरा धोका कुठल्या बॅगेत आहे हे त्या बिचाऱ्याला कसं कळणार?

त्यांची लाडकी लढाई एकच, थीब्ज विरुद्ध स्पार्टा. ती आमच्या डायनिंग टेबलवर दर आठवड्याला होते आणि निकाल अजून बदललेला नाही. ग्रीक सैन्य म्हणजे ढालीला ढाल लावून उभी असलेली माणसांची भिंत. ढाल डाव्या हातात, त्यामुळे ती निम्मी स्वतःला झाकते आणि निम्मी डावीकडच्याला. "म्हणजे तुझा जीव तुझ्या उजवीकडच्या माणसाच्या हातात," असं सासरे माझ्याकडे बघून म्हणतात. त्या वेळी माझ्या उजवीकडे माझा नवरा फोनवर क्रिकेटचा स्कोअर बघत असतो, हे दर वेळी लक्षात येतं आणि जरा धडकी भरते.

तर सगळेच ग्रीक आपली उत्तम माणसं उजव्या टोकाला ठेवायचे. दोन्हीकडचे पहिलवान समोरच्या किरकोळांना बडवायचे, आणि किरकोळ बिचारे आयुष्यभर पहिलवानांचा मार खायचे. थीब्जच्या सेनापतीने हे उलटं केलं. आपली उत्तम माणसं त्याने डावीकडे नेली, स्पार्टाच्या पहिलवानांच्या थेट समोर, आणि एकामागे एक पन्नास रांगा लावल्या. उजवीकडची कमकुवत बाजू मुद्दाम तिरकी मागे ठेवली. तिला सांगितलं, तुम्ही लढू नका, नुसते दिसा. माझे सासरे हे मारी बिस्किटांनी दाखवतात. डावीकडे आख्खा पुडा उभा रचतात, उजवीकडे दोन तुटकी बिस्किटं मागे सरकवतात. लढाई संपते तेव्हा स्पार्टाचा राजा चहात बुडवून खाल्ला जातो.

ही विद्या नुसती बिस्किटांवर वाया जाऊ नये म्हणून ते ती रविवारी अवोन्डेलच्या बाजारातही वापरतात. तिथे कोथिंबिरीच्या गाड्यापाशी सकाळी जी गर्दी असते तिला स्पार्टा समजायचं. मी पिशव्या घेऊन डावीकडून घुसायचं, सासरे माझ्या पाठीशी खोली वाढवायला, आणि नवरा गाडीपाशी. मागे ठेवलेली कमकुवत बाजू ही भूमिका माझ्या नवऱ्याला शिकवावी लागली नाही. ती त्याला जन्मतःच येते.

आता थीब्जच्या त्या डाव्या टोकाला सगळ्यांत पुढे कोण होतं? पवित्र तुकडी. तीनशे निवडक माणसं, दीडशे जोड्या. शेजारी शेजारी लढायच्या, शेजारी शेजारी मरायच्या. "मित्रांच्या जोड्या," सासरे सांगायचे. आणि मग घाईघाईने रांगांच्या खोलीकडे वळायचे.

मी माउंट वेलिंग्टनच्या एका फार्मसीत काम करते. बारीक अक्षर वाचणं हा माझा धंदा आहे. त्यांचं ते पुस्तक एकदा सोफ्यावर पडलं होतं ते मी चाळलं. त्यात मित्र वगैरे काही नव्हतं. त्या जोड्या एकमेकांवर प्रेम करणाऱ्या पुरुषांच्या होत्या, आणि म्हणूनच त्यांना तसं उभं केलं होतं. आपल्या माणसादेखत कोण पळेल, असा साधा हिशेब. सासऱ्यांनी हे पान वाचलं नसणं शक्य नव्हतं, कारण समासात त्यांची पेन्सिल होती. मी पुस्तक मिटून ठेवलं. मनात म्हटलं, वा, बाबा! पन्नास रांगा पाठ, आणि एवढं एकच विसरलात.

हे मला झोंबायचं कारण माझा मुलगा.

मुलगा इंजिनियर आहे आणि तीन वर्षं एका मुलाबरोबर राहतो. तो मुलगा ख्राइस्टचर्चचा, इथे हॉस्पिटलात नर्स. मुलाने आम्हाला सगळं सरळ सांगितलं होतं. मी थोडी रडले, मग चहा केला, मग मला त्या मुलाचे हात आवडले. कामाच्या माणसाचे असतात तसे, न घाबरणारे. नवऱ्यालाही तो आवडला. फक्त नवरा म्हणाला, "बाबांना आत्ताच नको. त्यांचं बीपी." म्हणून सासऱ्यांशी ओळख करून देताना तो झाला फ्लॅटमेट. सासऱ्यांच्या गोळ्या दर आठवड्याला मीच डबीत भरते. त्यांचं बीपी विशीतल्या पोराला लाजवेल असं आहे. वर जातं ते माझ्या नवऱ्याचं.

आणि गंमत अशी, की या फ्लॅटमेटवर सासऱ्यांचा भारी जीव. "किया ओरा, आजोबा!" असा माओरी नमस्कार करत तो यायचा, कारल्याची भाजी मिटक्या मारत खायचा, आणि बिस्किटांची लढाई शेवटपर्यंत ऐकायचा. मध्येच "हीप्स कूल!" म्हणायचा. घरातल्या कोणी त्या लढाईला इतका मान दिलेला नव्हता. "मित्रांच्या जोड्या" आल्या की तो माझ्या मुलाकडे बघायचा नाही आणि मुलगा त्याच्याकडे बघायचा नाही. आम्ही चौघं टेबलावरचे कण वेचायचो.

यंदा सासऱ्यांचं सहस्रचंद्रदर्शन करायचं ठरलं. हजार पौर्णिमा पाहिलेल्या माणसाला ओवाळायचं, आणि सगळ्यांनी जोडीने नमस्कार करायचा. माउंट वेलिंग्टनला हॉल घेतला. पुढारीपण इथल्या मराठी मंडळातल्या एका बाईंनी घेतलं, म्हणजे माईक घेतला. सासऱ्यांची अट एकच. सत्काराची भाषणं नकोत, मी स्वतः बोलणार, पवित्र तुकडीवर. नवरा म्हणाला, "बाबा, त्यापेक्षा आयुष्याबद्दल दोन शब्द बोला ना." सासरे म्हणाले, "त्याबद्दलच बोलतोय."

त्याच आठवड्यात मुलगा घरी आला आणि ओट्याला टेकून उभा राहिला. दोघांना ख्राइस्टचर्चला नोकऱ्या मिळाल्या होत्या, महिन्याभरात जाणार होते. "आणि आई, दॅट फ्लॅटमेट थिंग? आय ॲम डन. वी कम ॲज अस, ऑर वी डोन्ट कम."

"आणि नाही आलात तर? तिकडे गेल्यावर तरी येशील ना?"

"डोन्ट नो, मम."

त्याचा आवाज चढला नव्हता, त्यामुळे मी जास्तच घाबरले. आदळआपट करणारा मुलगा दोन दिवसांत परत येतो. शांतपणे "माहीत नाही" म्हणणारा दिवाळीला फोन करतो आणि पुढे तेही हळूहळू बंद होतं. फार्मसीत अशा आया मी रोज बघते. त्यांना झोपेच्या गोळ्या मीच देते.

नवऱ्याने परिस्थितीचा अभ्यास करून सांगितलं, की कार्यक्रम झाल्यावर बघू. मी म्हटलं ठीक आहे, तू गाडीपाशी थांब. आणि मी सासऱ्यांच्या खोलीत गेले. ते भाषणाची तयारी करत होते.

"बाबा, मला जरा बोलायचंय. तो जो मुलगा आहे ना, फ्लॅट..."

"येतोय ना तो?" त्यांनी मान वर न करता विचारलं. "त्याला समोर बसव. या घरात ऐकणारा तेवढा एकच आहे."

झालं. पन्नास रांगांची माझी हिंमत जागच्या जागी विरघळली. मी मुलाला फोन करून एवढंच सांगितलं, की आजोबांनी त्याच्या जोडीदाराला मुद्दाम बोलावलंय. मग तो म्हणाला, "फॉर आजोबा, ओके. बट आय ॲम नॉट लाइंग टू एनीवन."

कार्यक्रमाला दोघं आले. शेवटच्या खुर्च्यांपाशी, दाराजवळ उभे राहिले. समोर बसायला मी दोनदा बोलावलं, नाही आले. सासरे रेशमी उपरणं घेऊन खुर्चीत बसले होते. शेजारच्या खुर्चीत सासूबाईंचा फोटो. ओवाळणं झालं आणि माईकवाल्या बाईंनी फर्मावलं, "आता सगळ्यांनी जोडीजोडीने यायचं!" पहिले आम्ही दोघं वाकलो. मग बाई उत्साहाने म्हणाल्या, "आणि आता आजोबांचा लाडका नातू! अजून सिंगल आहे बरं का, मुलींच्या आयांनी लक्ष द्या!"

हॉल हसला. मुलगा हसला नाही. तो एकटाच चालत आला. त्याचा चेहरा मी ओळखते. हा नमस्कार करून तो सरळ दाराबाहेर जाणार होता, आणि मला ते दिसत असून मी ताम्हन धरून उभी होते.

तो वाकला, आणि सासऱ्यांनी पाय मागे घेतले.

चक्क खुर्चीखाली घेतले. मुलाचे हात तसेच हवेत राहिले. हॉलमध्ये कोणीतरी खुर्ची सरकवली तेवढाच आवाज.

"एकटा का आलास?" सासरे म्हणाले. "नमस्कार जोडीने करायचा असतो. ऐकलं नाहीस?"

माझा नवरा पुढे झाला. "बाबा, तो म्हणजे..."

"तू मागेच थांब," सासरे म्हणाले. मग त्यांनी दाराकडे हात केला आणि बँकेतल्या जुन्या आवाजात हाक मारली, "यू! व्हाय आर यू स्टँडिंग देअर? कम हिअर!"

फ्लॅटमेट आला. सगळा हॉल ओलांडून, कानापर्यंत लाल होऊन आला. माईकवाल्या बाईंना एवढ्या वेळात काय चाललंय हे कळलं होतं. पण माईक हातात असल्यावर माणसाला गप्प बसवत नाही. त्यांनी विचारलं, "अहो, पण यात कोण कुठल्या बाजूला उभं राहणार?"

"जो बळकट तो डावीकडे," सासरे म्हणाले.

फ्लॅटमेटला मराठी येत नाही, पण "डावीकडे" हा शब्द त्याने बिस्किटांच्या लढाईत शंभरदा ऐकला होता. तो गुपचूप माझ्या मुलाच्या डावीकडे जाऊन उभा राहिला. दोघं वाकले. सासऱ्यांनी पाय पुढे केले, दोघांच्या डोक्यांवर एकेक हात ठेवला आणि म्हणाले, "सुखाने नांदा." माझ्या हातातल्या ताम्हनातली सुपारी घरंगळली. मी ती उचलायला खाली बसले ती बराच वेळ उठले नाही.

भाषण झालं. "दीडशे जोड्या," सासरे म्हणाले, "एकमेकांवर प्रेम करणाऱ्या पुरुषांच्या." माईकवाल्या बाई खोकल्या. सासरे पुढे सांगत राहिले. बरीच वर्षं ही तुकडी हरली नाही. शेवटी मॅसिडोनियाचं सैन्य आलं तेव्हा बाकीचे पळाले आणि हे जागच्या जागी पडले. "लोक म्हणतात शूर होते. असतील. पण शेजारी आपलं माणूस असल्यावर पळणार तरी कुठे?" हे म्हणताना त्यांनी शेजारच्या खुर्चीतल्या फोटोकडे पाहिलं, उपरणं सारखं केलं आणि बसले. मग बाईंनी कोणाला काही शंका आहे का असं विचारलं. ज्या प्रश्नांच्या भीतीने माझ्या नवऱ्याने तीन वर्षं स्वतःचं बीपी वाढवलं होतं, ते आता येणार होते. मागून एक आजोबा उठले आणि म्हणाले, "मसालेभात गरम आहे तोवर बसायचं का?"

घरी जाताना गाडी नवरा चालवत होता. मुलगा आणि त्याचा जोडीदार त्यांच्या गाडीने आमच्या मागे घरीच येत होते, चहाला. मी सासऱ्यांना विचारलं, "बाबा, तुम्हाला कधी कळलं?"

"पहिल्याच दिवशी. त्याने नातवाच्या ताटातलं कारलं न विचारता उचलून खाल्लं. फ्लॅटमेटचं कारलं कोणी खातं का? माझं कारलं तुझी सासू खायची."

"मग इतके दिवस ते मित्र, मित्र काय लावलं होतंत?"

"तुम्ही फ्लॅटमेट म्हणत होतात ना," सासरे म्हणाले. "मला वाटलं, तुम्हाला झेपत नसेल. त्यात ह्याचं बीपी."

सिग्नलचा हिरवा दिवा लागला होता. मागून मुलाने हळूच हॉर्न दिला, तरी माझ्या नवऱ्याच्या हातून गाडी काही हलेना.