बारसं अडवणारी फाईल

माझ्या एकुलत्या एका नातीचं बारसं एका फाईलवाचून अडलं होतं. ती फाईल मीच पुसली होती.

त्या वर्षीही पावसानं दगा दिला होता आणि पडेगावच्या माळावर मात्र बंगले उगवत होते. बंगला आला की टाकी आली, आणि टाकी म्हटली की माझं दुकान. (नवरा गेल्यावर ते मी एकटीनं उभं केलं. माझ्याशी भाव करायच्या आधी कंत्राटदार प्यायला पाणी मागायचे!) दिवसभर दुकानात माझा आवाज रस्त्यापर्यंत जायचा. घरी आलं की समोर टीव्ही, आणि टीव्हीशी घासाघीस करता येत नाही. मुलगा मंगेश कॅनडात. भिंतीपलीकडं धाकटी जाऊ सुमन, छावणीतल्या शाळेत शिक्षिका. तिच्याशी बोलणं बंद!

का बंद? दोन्ही घरांत मिळून एकच बोअर. तो पाडताना उन्हात उभं राहून मशिनवाल्याशी भाव कुणी केला? मी. आणि टंचाईत त्यातलं पाणी अख्ख्या गल्लीला कुणी वाटलं? सुमननं, मला न विचारता! मी माझा पाईप तोडला, त्याला बूच ठोकलं आणि टँकर लावला. टँकर दिवसाआड यायचा, म्हणजे यायचाच नाही. गावाला टाक्या विकणारी बाई आणि घरची टाकी कोरडी! पण मान ताठ.

बारसं रविवारी संध्याकाळी होतं, म्हणजे त्यांच्या सकाळी. मंगेशला बहीण नाही, म्हणून आत्याचा मान माझ्याकडं आला. मी कॉम्प्युटरसमोर बसून 'कुर्र' करायचं आणि नाव सांगायचं. नातीला मी तोवर फक्त फोटोत पाहिलं होतं. ती अडखळत दिसायला नको म्हणून शनिवारी मी कॉम्प्युटरची साफसफाई काढली.

दुकानाचा माझा एक नियम आहे. ज्या मालाला धनी नाही, तो भंगारात. कॉम्प्युटरमध्ये तसल्या फायलींचा नुसता ढीग! नाव वाचता येत नाही, दाबलं तर उघडत नाही, काम काय करते ते सांगत नाही. फुकट खाणारी मंडळी! मी वेचून वेचून पुसली. कॉम्प्युटरनं दोनदा विचारलं, 'नक्की?' समोरच्यानं दोनदा विचारलं म्हणून माघार घेणं माझ्या स्वभावात नाही. कचरापेटीसुद्धा रिकामी केली.

रविवारी दुपारी नवं लुगडं नेसून बसले, व्हिडिओ कॉलचं बटण दाबलं. पाटी आली : अमुक डीएलएल फाईल सापडत नाही. फोटो उघडायला गेले, तीच पाटी. दुकानाच्या बिलांचा प्रोग्राम, तीच! तिघांनी मिळून माझ्याविरुद्ध संप केला होता. मी माझ्या बटणांच्या साध्या फोनवरून मंगेशला झोपेतून उठवलं.

"आई, ती फाईल सामायिक असते. एकच फाईल सगळे प्रोग्राम वापरतात."

"मग धनी कोण तिचा?"

"कुणीच नाही. सगळ्यांचीच."

"आन् भांडणं व्हत नाय त्यांच्यात?"

"नाही. आपल्या बोअरसारखं समज."

"बोअरचं नाव काढू नको!"

"बरं. ज्या कंपनीची फाईल आहे, तिच्या साइटवरून पूर्ण संच घे आणि टाक. सुटी फाईल कुठूनही घेऊ नकोस."

"वॉशर गेला म्हणून अख्खी मोटार घेऊ? मला काय येडी समजतो?"

फोन ठेवला आणि इंटरनेटच्या बाजारात उतरले. एका साइटवर नेमकी तीच फाईल, सुटी, फुकट! (फुकट शब्द दिसला की मी धंद्यात दहा पावलं मागं सरते. त्या दिवशी दोन्ही हात पुढं केले.) फाईल आली, सोबत गोतावळा घेऊन आली. पडद्यावर जुगाराच्या जाहिराती नाचल्या, एक बाई वजन कमी करायला सांगू लागली आणि शेवटी पडदा काळा ठिक्कर पडला. त्यात मला माझंच तोंड दिसत होतं. नव्या लुगड्यातली एक बाई, घरात चिटपाखरू नाही.

दोन्ही घरचे कॉम्प्युटर मी एकाच दुकानातून, एकाच दमात भाव पाडून आणले होते. म्हणजे ती फाईल सुमनकडं असणारच! पेन ड्राइव्ह मुठीत धरून मी तिचं दार वाजवलं.

"एक फाईल पाहिजे. विरजणापुरती. लगेच जाते."

सुमननं माझ्या लुगड्याकडं पाहिलं. "बारसं हाय ना आज?"

"व्हय. तिकडं कॉम्प्युटर मेला."

"मग फाईल कशाला नेता, ताई? इथंच बसा की."

"नको. मला एकटीला..."

"'कुर्र' केल्यावर पाठीत धपाटे कोण घालणार तुमच्या? टँकरवाला?"

मी पेन ड्राइव्ह पदराला बांधला. मी बसले. पडद्यावर माझी नात आली, जांभई देत. मी वाकून 'कुर्र' केलं, नाव सांगितलं, आणि पाठीत पहिला धपाटा बसला. रीत म्हणून हलक्या हातानं घालतात. सुमननं वर्षभराची बाकी चुकती केली! माझ्या डोळ्यांत पाणी आलं. तिकडं सगळे म्हणाले, आजीला गहिवरून आलं. मी मान हलवली. (धपाटा खरंच जोरात होता.)

दुसऱ्याच दिवशी दुकानात नेऊन कॉम्प्युटर नव्यानं भरून घेतला, पूर्ण संचासकट. बोअरची चूक सुमनचीच होती, हे मी आजही छातीठोक सांगते. तरी दर रविवारी मी तिच्या दारात उभी असते : "अगं, ती फाईल पुन्हा गेली बघ."

"व्हय का? या," ती म्हणते.

परवा चहा देताना तिनं सहज विचारलं, "ताई, भिंतीपलीकडं तुमचा कॉम्प्युटर रोज भजनं लावतो, तवा त्याला फाईल लागत नाय का?"

भल्याभल्या कंत्राटदारांची थाप पहिल्या वाक्यात पकडणारी मी. माझी थाप ही बाई किती रविवार उकळत्या चहात विरघळवत होती, देव जाणे! कप पुढं केला आणि म्हटलं, "अजून अर्धा वत."