नानांची हरकत

नानांच्या मुलीचा फोन आला तेव्हा मी जळगावात बँकेत, हयातीचा दाखला द्यायला रांगेत उभा होतो. "काका, नाना सकाळी गेले..." एवढंच ती बोलली. मी रांग सोडली नाही. अंगठा लावला, सही केली आणि मगच यावलची बस धरली. महिना होऊन गेला, तरी त्या दिवशी मी का थांबलो हे मला सांगता येत नाही.

नाना आणि मी एकाच शिक्षणसंस्थेत लिपिक. ते मूळचे सोनगीरचे, नेमणूक यावलच्या शाळेत. मी नशिराबादचा, संस्थेच्या जळगावच्या कार्यालयात आवक-जावक माझ्याकडे होती. धुळ्याच्या शाळेतली मुख्य लिपिकाची जागा रिकामी झाली आणि सेवाज्येष्ठता यादी निघाली, तेव्हा माझं नाव नानांच्या वर लागलं. खरं तर ते माझ्या अकरा दिवस आधी रुजू झाले होते. माझ्या नेमणुकीला शिक्षण खात्याची मान्यता आधी आली होती, इतकंच. नानांना बढतीपेक्षा धुळं हवं होतं. सोनगीरला त्यांची आई अंथरुणाला खिळलेली, आणि यावलहून तिथं पोहोचायचं तर अर्धा दिवस एसटीतच जायचा.

हरकती घ्यायच्या शेवटच्या दिवशी, कार्यालय बंद व्हायच्या बेतात असताना, ते घामाघूम होऊन अर्ज घेऊन आले. त्यांच्या प्रतीवर मी त्याच दिवसाची तारीख घालून पोच दिली, पाणी दिलं, बसस्टँडपर्यंत सोडायलाही गेलो. मूळ अर्ज मात्र खणात ठेवला आणि त्यावर शिक्का मारला तो दुसऱ्या दिवशीचा. मला कोणी तसं सांगितलं नव्हतं... मोह झाला. अर्ज मुदतीबाहेर ठरला आणि मी धुळ्याला मुख्य लिपिक झालो. त्यांनी ती पोच कुठंही दाखवली असती तर माझी नोकरी गेली असती. कित्येक महिने रोजचं टपाल फोडताना मला धाकधूक असायची. पण तसं काहीच आलं नाही.

दोन वर्षांनी त्यांची आई गेली. धुळ्याहून सोनगीर जवळ, म्हणून मी आधी पोहोचलो. तिरडी बांधून तयार होती, माणसं नानांसाठी खोळंबली होती. ते आले तेव्हा ऊन कलायला लागलं होतं. आईच्या पायांवर डोकं ठेवलं, बराच वेळ तसेच राहिले, मग उठून त्यांनी माझा हात धरला. "तू व्हता ते बरं झायं, भाऊ," म्हणाले. मी मान खाली घातली. भोवतालच्यांना वाटलं, मी रडतोय.

गेल्या उन्हाळ्यात यावलला त्यांच्या घरी गेलो, तो सगळं कबूल करायचं ठरवूनच. दोघंही निवृत्त, वहिनी आत चहा करत होत्या. मी त्या अर्जाचा विषय काढला आणि अडखळलो. नानांनी मला पुढं बोलू दिलं नाही. पोच अजून कपाटात आहे, म्हणाले. मग का दाखवली नाही, असं मी विचारलं, तर म्हणाले, "मन्ही हरकत यादीवर व्हती, भाऊ. तुन्हावर नव्हती."

तेव्हा तरी मी माफी मागायला हवी होती. मी चहा घेतला, यंदा केळीला भाव कसा आहे ते विचारलं आणि परतीची बस पकडली.

तेराव्यानंतर कुटुंब निवृत्तिवेतनाच्या कागदांसाठी मुलीनं मला त्यांच्या शाळेत पाठवलं. नानांच्या खुर्चीवर आता एक तरुण लिपिक बाई आहेत. त्याच दिवशी एक शिक्षिका नव्यानं रुजू झाली होती. बाईंनी तिच्या रुजू अहवालाची प्रत काढली, शिक्का मारला, तारखेखाली रेघ ओढली आणि कागद तिच्या हातात देत म्हणाल्या, "हा घरी जपून ठेवा." मी सहज विचारलं, तर म्हणाल्या की ही नानांची पद्धत, त्यांनी शिकवली, तेव्हापासून इथून कोणी रिकाम्या हातानं जात नाही.

मग आवाज खाली आणून त्या म्हणाल्या, "त्यांच्या वेळी तारखेचा काहीतरी घोळ झाला होता म्हणे. तुम्ही संस्थेत होतात ना, सर? तुम्हाला काही माहीत आहे?"

मी म्हणालो, "नाही."