पश्चिमेचे ऊन

११ फेब्रुवारी १९२९ रोजी चिखलीत मुक्कामाला असलेल्या एका नाटक कंपनीने माझे मामा इंद्रभान यांना जंगलाचा पडदा रंगवल्याबद्दल सतरा रुपये आठ आणे दिले. जंगलात वाघ नव्हता. वाघासह पडद्याचा दर वेगळा होता.

त्याच संध्याकाळी आजोबांना, म्हणजे मामांचे वडील उकंडराव यांना, ही कमाई कळली. घरी साठ एकर जमीन होती आणि तिच्यावर कोणी रंगाचा हात मारावा अशी गरज नव्हती.

"रंगारी व्हायचं असन तं रंगाऱ्याच्या घरी राह्य," आजोबा म्हणाले.

मामा त्या नाटक कंपनीबरोबर मलकापूरला जाऊन गाडीत बसले. त्यानंतर नऊ वर्षे आजोबांनी त्यांचे नाव घेतले नाही. आजी अंबूबाई घेत असे, पण गोठ्यात.

नाटक कंपनी बुडाल्यावर मामा कोल्हापूरला एका सिनेमा कंपनीत लागले. तिथे त्यांना सेटिंगवाले म्हणत. बांबूच्या चटईवर प्लास्टर मारून राजवाड्याचे खांब करायचे, गोणपाटाचे डोंगर करायचे, असे काम. मामांनी तिथे पुष्कळ घरे बांधली. एकालाही छप्पर नव्हते, कारण वरून दिवे सोडावे लागत. आणि चौथी भिंत नव्हती, कारण तिथे कॅमेरा असे.

१९३७ साली कंपनीने खेड्यातल्या कुटुंबावर एक बोलपट काढायला घेतला. मालक म्हणाले, खरे वाटेल असे घर हवे. मामांना आतून बाहेरून माहीत असलेले घर एकच होते. त्यांनी तेच बांधले. ओसरीचा वाकडा खांब, बैलाच्या शिंगाने फुटलेला कोनाडा, उतरंडीतले तिसरे चेपलेले मडके, सगळे जागच्या जागी. फक्त स्वयंपाकघरात चूल थोडी फिरवली. नाहीतर नायिकेची पाठ दिसली असती.

पुढच्या उन्हाळ्यात तो बोलपट तंबूतून चिखलीला आला. गावातले लोक बघून आले आणि आजोबांना म्हणाले, "तुमचं घर शिनिमात हाय." आजोबा स्वतः जाऊन खात्री करून आले. मुलाचे नाव त्यांनी तरीही घेतले नाही, पण घराचे घेऊ लागले.

त्याच सुमारास माझ्या आईचे, म्हणजे मामांच्या धाकट्या बहिणीचे, सोजराचे लग्न लोणारकडच्या भगवानरावांच्या मुलाशी ठरत आले होते. भगवानराव बोलणी पक्की करायला आले. आजोबांनी त्यांना जेवू घातले, आणि पाहुणचार पुरा व्हावा म्हणून चिखलीला तंबूत नेले.

पडद्यावर सकाळ झाली. नायिका चुलीपुढे बसून भाकरी थापू लागली. तिच्या डाव्या गालावर कोवळे ऊन पडले. भगवानराव बाकावरून उठले.

"उकंडराव, सकाळचं ऊन डाव्या अंगाले. म्हंजे तोंड दक्षिणेले. तुमच्या घरी दक्षिणेले तोंड करून सैपाक होते?"

"खाली बसा हो, पडदा दिसून नाही राह्यला," मागून कोणी ओरडले.

दक्षिण यमाची दिशा. तिकडे तोंड करून कोणी चूल मांडत नाही, हे वऱ्हाडात लहान पोरीही जाणतात. शिवाय घरची थोरली सून, म्हणजे मामांच्या थोरल्या भावाची बायको, चार वर्षांपूर्वी तापाने गेली होती, आणि हे भगवानरावांना ठाऊक होते.

आजोबांनी त्यांना परत घरी आणून चूल दाखवली. तोंड नीट पूर्वेला होते. पण पाहुणे येणार म्हणून आजीने त्याच सकाळी चूल पोतारली होती आणि जमीन सारवली होती. भगवानरावांनी माती बोटाने दाबून पाहिली. ती अजून ओलसर होती.

"आज फिरवली असन," ते म्हणाले. "ज्यानं ते शिनिमातलं घर बांधलं, तो सांगू दे. तवर पोरगी तुमची, पोरगा माहा."

आजोबांनी मामांना तार केली: "चुलीसाठी निघून ये."

मामा आले. आजोबा ओसरीवर होते.

"आला काय?"

"हो, बाबा."

"चूल काऊन फिरवली बे?"

"बाईचं तोंड दिसाले पायजे होतं."

"बाईचं तोंड दिसलं. आता तुह्या बहिणीचं कोण पाह्यते?"

दुसऱ्या दिवशी भगवानराव दोन भाऊबंद घेऊन आले. आई दाराआड उभी होती. मामांनी आपण चूल फिरवल्याचे कबूल केले. ते ऐकून भगवानरावांचे समाधान झाले नाही.

"मंग दक्षिणेले बसवली ना? पाह्यलं तेच खरं."

"दक्षिणेले नाही, पाव्हणे. ते ऊन विजेचं होतं."

"कोणत्या अंगानं आलं?"

"पश्चिमेच्या. विजेचा बोर्ड त्या भिंतीले हाय."

"सूर्य पश्चिमेले उगवला?"

"कंपनीत वायर पुरन तिथून उगवते."

भगवानराव उठून अंगणात गेले, चुलीपुढे बसल्यासारखे उकिडवे बसले आणि त्यांनी डावा हात पश्चिमेकडे केला. मग समोर पाहिले. समोर गोठा होता, म्हणजे उत्तर. भाऊबंदांनीही एकेकदा तसे बसून पाहिले.

"उत्तर चालते," त्यातला एक म्हणाला.

"पण त्या बाईले सांगा," भगवानराव कपडे झटकत म्हणाले, "भाकर लई जाड थापते."

लग्न वैशाखात झाले. बोर्ड खरोखर कोणत्या भिंतीला होता हे बघायला मी नोकरी लागल्यावर एकदा कोल्हापूरला गेलो होतो. तिथे आता लाकडाची वखार आहे. मामांना विचारले तर ते म्हणाले, "तुही माय सुखात हाय ना?" ती होती.

लग्नाच्या आदल्या दिवशी आजोबा मामांना म्हणाले होते, "दारावर गणपती काढ. सोंड नीट काढजो." रंग मामांनी चिखलीहून स्वतःच्या पैशाने आणला. तीन रुपये दोन आणे झाले. आजोबा लग्नानंतर देतो म्हणाले. ते १९४६ साली वारले, मामा १९७१ साली. रक्कम दिलेली नाही.