चुन्याचे दोन ठिपके

परवा माझ्या नातवाच्या गाडीचा टायमिंग बेल्ट बदलायचा होता. इथल्या रोल्ला बाजाराच्या मागच्या अंगाला एक गॅरेज आहे, तिथं गाडी टाकून तो घरी आला आणि सोफ्यावर पाय पसरून मोबाइल बघत बसला. मी विचारलं, "ठिपके कोण बघतंय?"

"व्हॉट ठिपके, दादी?" मान काही वर झाली नाही.

"टायमिंगचे. बेल्ट चढवताना जुळवायचे असतात ते."

तेव्हा कुठं मोबाइल खाली आला. "हाउ डू यू नो धिस?"

तुझ्या आजोबांनी शिकवलं, एवढंच म्हटलं. त्याला तेवढं पुरलं, तो परत मोबाइलमध्ये गेला. मला मात्र दिवसभर दुसरं काही सुचेना. संध्याकाळी चहा उतू गेला तरी कळलं नाही.

मी भांडखोर आहे, हे आधीच सांगून टाकते. आमचे हे होते तेव्हाही मी अशीच होते. आगबोटीतून दुबईच्या खाडीत उतरले तेव्हा पहिलं भांडण धक्क्यावरच केलं होतं, ह्या उन्हात मला का आणलंत म्हणून. अमिराती हे नावसुद्धा तेव्हा कुणी ऐकलं नव्हतं. खाडीच्या दोन्ही काठांना वस्ती, आणि वस्तीच्या मागं वाळू. बस्स. खाडीच्या ज्या काठाला देरा म्हणतात, तिथं ह्यांचं गॅरेज होतं. म्हणजे मालकीचं नव्हे, अर्बाबचं. मालकाला तिथं सगळे अर्बाबच म्हणायचे. गॅरेजच्या कुंपणाला लागून खजुरीच्या झावळ्यांचं आमचं घर. पाणी गाढवावरून यायचं आणि पाणीवाल्याशीही माझं भांडण व्हायचं.

हे रत्नागिरीच्या लाँचींवर इंजिनकाम शिकलेले. समुद्रात लाँच बंद पडली की काय होतं ते लहान वयात बघितलेलं, त्यामुळं इंजिनाच्या बाबतीत थट्टा चालायची नाही. घरात मी कितीही बडबडले तरी माणूस हूं की चूं करणार नाही, पण गॅरेजात कुणी नट अर्धवट आवळून सोडला तर आवाज कुंपणापलीकडं माझ्यापर्यंत यायचा. सगळे त्यांना उस्ताद म्हणायचे. अर्बाबसुद्धा. मला त्याचा भारी अभिमान होता. तोंडावर कधी बोलले नाही, पण होता.

पहिली शंका मला तारल्यांवरून आली. तारली म्हणजे काट्यांचं पोतं. पण आमचे हे रत्नागिरीकडच्या खाडीकाठचे, बोलता बोलता काटे बाजूला काढून ताट साफ करणारे. त्या उन्हाळ्यात मी बघितलं, घास तोंडात घालण्याआधी ते मासा अंगठ्यानं आणि बोटानं चाचपत होते. हळूहळू, गहू निवडावे तसे. मी म्हटलं, "आज काय मासळीची मालीश चाललीय?" हसले नुसते.

दुसरी शंका चुन्याची. ह्यांना विड्याची सवय. पानं मुंबईहून बोटीनं यायची, ती जपून जपून खावी लागायची, एका पानाचे दोन विडे व्हायचे. पण चुना? डबी भरून दिली की दोन दिवसांत खडखडाट. पानं ओल्या फडक्यात तशीच आणि चुना गायब. एकदा, दोनदा, तिसऱ्यांदा माझं डोकं फिरलं. "अहो, चुना खाताय की भिंती रंगवताय? का गॅरेजातल्या त्या बलुची मिस्त्र्याला खैरात करताय?"

त्या दिवशी ते हसले नाहीत. डबी माझ्या हातातून घेतली, उघडझाप केली आणि म्हणाले, "ठिपके लावतो गं. मला ते खुणेचे ठिपके दिसत नाहीत."

मी हातातलं काम टाकून खाली बसले.

इंजिनाच्या तोंडाशी झाकणाआड दोन दातेरी चाकं असतात. खाली छोटं, वर मोठं. तेव्हा बेल्ट नव्हता, दोन्हींवरून साखळी फिरायची. छोट्या चाकावर पिस्टनचा हिशोब, मोठ्यावर व्हॉल्व्हचा. कारखान्यातून प्रत्येक चाकावर एक बारीक ठिपका ठोकून येतो, तिळाएवढा. साखळी चढवताना ते दोन ठिपके समोरासमोर आले पाहिजेत. एक दात जरी इकडं तिकडं झाला तरी गाडी सुरू होईल, चार पावलं जाईलही, पण दम नसेल, तापेल आणि कुठंतरी उभी राहील. शहरात उभी राहिली तर ढकलून आणता येते. तिथं शहर ते केवढं! पलीकडं नुसती वाळू. त्याच्या आदल्या उन्हाळ्यात अशीच एक गाडी आत वाळूत बंद पडली होती. तिच्यातल्या माणसांविषयी गॅरेजात कुणी मोठ्यानं बोलायचं नाही.

तो तिळाएवढा ठिपका ह्यांच्या डोळ्यांतून गेला होता. दोन्ही डोळ्यांवर मोतीबिंदूची साय धरलेली, उन्हात उभं राहून मला दाखवली तेव्हा दिसली. मग जुनी साखळी काढण्याआधीच ते दोन्ही चाकांच्या समोरासमोरच्या दातांवर चुन्याचा ठसठशीत ठिपका लावायचे. पांढरा रंग तेवढा अजून दिसत होता. कारखान्याचा ठिपका कुठंही असो, निघालं तसंच परत बसवायचं. असं किती महिने चाललं होतं, मी विचारलं नाही. विचारायची हिंमत झाली नाही, खरं सांगायचं तर.

"अर्बाबला सांगू नका हं," एवढंच मी म्हटलं. उस्तादाला दिसत नाही म्हटल्यावर त्याच्या हातात इंजिन कोण देणार? आणि इंजिन गेलं की परतीची आगबोट. गावी माझी मुलं सासूबाईंकडं होती, ह्यांच्या कमाईवर सगळं घर होतं. पण त्याहून मोठी भीती मला दुसरीच होती. ह्या माणसाच्या हातातून पाना काढून घेतला तर हा माणूस उरेल किती? लग्न झाल्यापासून मी त्यांना पान्याशिवाय बघितलंच नव्हतं.

आणि मग ती जीप आली. वाळवंटातल्या बदू टोळीच्या एका ड्रायव्हरची. तो बायका-पोरांना, आजाऱ्यांना आत बुरैमी गावाकडं वाळूतून न्यायचा आणायचा. तेव्हा रस्ता कसला, चाकांच्या खुणाच रस्ता. साखळी ढिली झाली होती. ह्यांनी चुना लावला, चाकं उतरवली आणि नवी साखळी आणायला बाजारात गेले. मागं तो बलुची मिस्त्री. मनानं फार चांगला माणूस, ह्यांना बापासारखा मानायचा. उस्तादाचं काम हलकं करावं म्हणून त्यानं दोन्ही चाकं घासलेटात घालून लख्ख धुतली. वर इंजिनाला हँडल मारून जुनं तेलही निथळवलं. म्हणजे चुन्याचे ठिपकेही गेले आणि आतली जागाही हलली. हे परत आले तर चाकं आरशासारखी. बलुची हसतोय, शाबासकीची वाट बघत. ह्यांनी त्याच्या पाठीवर हात ठेवला आणि "शाबास" म्हणाले. दुसरं काय म्हणणार? डोळे धड असलेल्याला कारखान्याचे ठिपके पुरेत की!

तो गुरुवार होता. ड्रायव्हर रविवारी निघणार होता. त्या संध्याकाळी ताटावर बसले आणि जेवलेच नाहीत. मी म्हटलं, "बोटानं बघा ना. काटे शोधता तसे." म्हणाले, "बघितलं. चाकावर खळगे पुष्कळ आहेत, जुनं आहे. माझी बोटं राठ झालीत, त्यांना सगळे सारखेच लागतात." मग ताट सरकवून म्हणाले, "उद्या तू येशील?"

सबंध आयुष्यात ह्या माणसानं मला कामात काही मागितलं नव्हतं. मीठ कमी असलं तरी मागायचे नाहीत.

शुक्रवारी गॅरेज बंद. जुम्याची नमाज झाली, लोक घरी जाऊन जेवून आडवे झाले, रस्त्यावर कुत्रंसुद्धा नव्हतं. मी बुरखा घेऊन ह्यांच्या मागं गॅरेजात शिरले. पत्र्याखाली भट्टी. ग्रीसचा वास नाकात गेला आणि मला एकदम रडूच आलं. हा वास मी रोज त्यांच्या कपड्यांतून धुऊन काढत होते.

छोट्या चाकाचा ठिपका मला लगेच सापडला. मोठ्याचा सापडेना. हे एकेका खळग्यावर माझं बोट धरून न्यायचे, "हा का?" मी म्हणायचे, हा नुसता ओरखडा. हा? हा गंज. शेवटी दाताच्या अगदी मुळाशी तो दिसला, गोल, नेमका, कुणीतरी मुद्दाम ठोकलेला. मी ओरडलेच. "हळू," ते म्हणाले, पण त्यांचाही श्वास मोठा झाला होता.

मग त्यांनी साखळी घातली, चाकं जागेवर बसवली. "आले समोरासमोर?"

"आले."

त्यांनी मोठ्या चाकावर हात ठेवला, थांबले. "तू कुठं उभी आहेस?"

"इथंच, बाजूला."

"बाजूनं बघू नको गं. बाजूनं सगळंच जुळल्यासारखं दिसतं. खाली बस, डोळे चाकाच्या उंचीला आण."

मी गुडघ्यांवर बसले. बघते तर एका दाताचा फरक! ह्यांनी चाकं उतरवली, पुन्हा बसवली. मग मी ओढणीच्या काठाचा एक दोरा ओढून काढला, दोन्ही चाकांच्या मधल्या बोल्टांवरून ताणून धरला. दोन्ही ठिपके दोऱ्याखाली आले. मी तीनदा बघितलं. त्यांनी दोऱ्यावरून अंगठ्याचं नख वरून खाली नेलं, दोन्ही ठिकाणी ते खळग्यात अडकलं.

"बस्स," म्हणाले. तिथंच जमिनीवर बसले. मीही बसले. घामानं दोघंही निथळत होतो. मला इतका आनंद झाला होता की त्यांच्या गुडघ्यावर थाप मारून म्हटलं, "आता दर शुक्रवारी येईन! कुणाला कळणार आहे?"

ते झाकण लावतील असं मला वाटलं. त्यांनी लावलं नाही. फडकं टाकून तसंच ठेवलं. "उद्या," म्हणाले.

घरी आल्यावर कळलं, उद्या म्हणजे काय. हे अर्बाबला सगळं सांगणार होते. आणि मग मी जे तोंड सोडलं! "तुम्हाला कुणी विचारलंय का? ठिपके जुळले ना? दोऱ्यानं बघितलं, नखानं बघितलं. मग आपल्या पायावर धोंडा पाडून घ्यायची हौस कसली?" ते ऐकत होते. माझा दम संपल्यावर म्हणाले, "आज तू होतीस. तू नसताना कुठकुठल्या जीपांना मी झाकण लावलं, ते आठवून बघतोय."

मी चूल पेटवायला घेतली. लाकडं ओली नव्हती, तरी डोळ्यांतून पाणी काढायला तेवढं निमित्त पुरलं.

शनिवारी सकाळी मी कुंपणाच्या झावळ्या बाजूला सारून उभी होते. अर्बाब आला. हे त्याच्यासमोर गेले आणि त्या तिथल्या हिंदीत, मधेच अरबी घालत, सरळ सांगितलं. डोळे गेलेत. खूण माझ्या बायकोनं बघितली. जीप वाळूत जाणार आहे, म्हणून झाकण उघडं ठेवलंय, दुसऱ्यानं बघावं. बलुची मिस्त्र्याच्या तोंडावरचा रंगच उडाला. अर्बाबनं त्याला मान हलवून इंजिनाकडं पाठवलं. तो गेला, गुडघ्यांवर बसला, बराच वेळ बघत राहिला. उठला तेव्हा रडत होता. "ठीक है," म्हणाला. "एकदम ठीक है, उस्ताद."

अर्बाबनं विचारलं, आधीच्या गाड्या? ह्यांनी सांगितलं, जेवढ्या आठवतात तेवढ्या परत बोलवा, हा बलुची उघडून बघेल. अर्बाब म्हणाला, इन्शाल्ला, बोलवू. मग ह्यांच्या खांद्यावर हात ठेवून हळू आवाजात, "इंजिन खलास, उस्ताद." पाठवून नाही दिलं त्यानं. व्हॉल्व्ह घासायचं काम दिलं, ते हातानं आणि कानानं होतं. पुढं बरीच वर्षं ते तेच करत होते, डोळ्यांत अंधार पुरता भरेपर्यंत. पण त्या सकाळी हे पुढचं मला ठाऊक नव्हतं. मला एवढंच दिसलं की बलुचीनं झाकण उचललं आणि हे बाजूला सरून त्याला जागा करून देताहेत.

जीपचं इंजिन सुरू झालेलं मी घरातून ऐकलं. गोड आवाज. आजही आठवला की अंगावर काटा येतो.

दुपारी हे जेवायला आले. हात धुतले. नेहमीपेक्षा जास्त वेळ धुतले. मी तारल्या केल्या होत्या, ताट वाढलं आणि त्यांच्या ताटातले काटे काढायला बसले. त्यांनी काढू दिले. मग खिशातून चुन्याची डबी काढून माझ्यापुढं ठेवली.

"आता विड्यापुरताच भर," म्हणाले.