मागचा गळा बंद

मैत्रिणींनो, दुपारपासून मशीनवर नुसती बसून आहे. हात चालत नाही.

आज खामगावातल्या माझ्या शिलाईच्या दुकानात एक आई लेकीला घेऊन आली. लग्न आठ दिवसांवर. हल्ली नवरीमुली मागून खोल गळा सांगतात, पण आई म्हणाली, "मांगून गळा बंदच ठेवजा ताई."

मापाला टेप पाठीवर ठेवला तशी पोरगी कळवळली. मानेखाली पट्ट्याचे वळ होते.

आई रडायलाच लागली. "इचा जीव मैत्रिणीवर हाय, लग्न नाही करत म्हणे. इचा बाप हात उचलणारा नाही हो. पण भावकी दारात आली, इच्या धाकट्या बहिणीसंग कोण लगीन करन म्हणे. मंग त्यानं सगळ्यायसमोर मारलं."

"भावकीले कोनं सांगतलं?" मी विचारलं.

"हळदीकुंकवात बाया हासत होत्या म्हणे."

मी टेप गुंडाळला. ही पोरगी आणि तिची मैत्रीण, दोघी माझ्याकडेच एकाच कापडाचे ब्लाउज शिवायला यायच्या. संक्रांतीच्या हळदीकुंकवात "नवराबायकोच जशा" म्हणून बायांना मीच हसवलं होतं.

जाताना पोरीनं हळूच विचारलं, "काकू, तिचा ब्लाउज झाला काय?"

तो खुंटीवरच आहे. बापाला शिव्या देणं सोपं आहे, पण भावकी त्याच्या दारात मी पाठवली. तुम्ही कोणाला असं हसला होतात, आठवतं का?