उवे ब्राखमानचं बालपण

यशोधन जर्मनीत ब्राउनश्वाइगजवळच्या एका कारखान्यात गाड्यांच्या ब्रेकच्या चाचण्या घेतो. मूळचा चिंचवडचा. दोन वेगवेगळ्या माणसांनी सांगितल्याशिवाय तो कुठलीच गोष्ट खरी धरत नाही. भारतीय दुकानात कढीपत्ता आलाय असं मी कळवलं, तर विचारतो, "अजून कोणी पाहिला?"

आमची ओळख जर्मनच्या वर्गात झाली. मी मराठी साहित्यात एम.ए. केलंय असं सांगितल्यावर तो म्हणाला, "म्हणजे न झालेल्या माणसांचा अभ्यास."

"आणि तू?"

"मी मेलेल्यांचा करतो. सुट्टीच्या दिवशी."

ती थट्टा नव्हती. विसरलेल्या रॉक वादकांची माहिती जमवणारी हौशी लोकांची एक वेबसाइट आहे. यशोधन तिच्यासाठी जन्मगावं, तारखा, बँडमधली भांडणं तपासतो. कॉलेजात तो बेस गिटार वाजवायचा. आता वाजवत नाही, तपासतो.

उवे ब्राखमान त्याला जुन्या बाजारात एका रेकॉर्डच्या कव्हरवर सापडला. पाठमोरा, लांब केस, खांद्यावर गिटार. इथल्याच एका खेड्यातला. आयुष्यात एकच रेकॉर्ड काढली आणि पस्तिशीत बुडून मेला. गावाबाहेर खडीची जुनी खाण आहे, तिचं आता तळं झालंय. त्यात सापडला तेव्हा अंगावर कोट होता, पायात बूट होते. पाय घसरला की स्वतःहून गेला, हे चाळीस वर्षांत कोणाला सांगता आलं नाही.

यशोधननं त्याचं पान तयार केलं. बालपणाबद्दल काहीच मिळेना, आणि तो रकाना रिकामा ठेवला तर पान साठवलं जात नव्हतं. अशा वेळी चाचणीवाले खोटा म्हणून लगेच ओळखू येईल असा कुठलातरी आकडा भरून ठेवतात. खरा मिळाला की तो पुसायचा. यशोधननं आकड्याऐवजी स्वतःची आठवण भरली. 'पाच वर्षांचा असताना घरामागच्या विहिरीत पडला. तेव्हापासून पाण्याची भीती.' हे आपल्याला नक्की ओळखू येईल, असं त्याला वाटलं. मग कारखान्यात नवीन मॉडेल आलं, आणि पुसायचं राहिलं.

दोन वर्षांनी एका छोट्या कंपनीनं ती रेकॉर्ड पुन्हा काढायचं ठरवलं. सोबत उवेच्या आयुष्यावर पुस्तिका. तपासायला मजकूर यशोधनकडे आला. पहिल्याच परिच्छेदात विहीर होती. आधार म्हणून एका स्थानिक वृत्तपत्राचं नाव होतं, आणि वृत्तपत्रानं यशोधनच्या पानावरून घेतलं होतं.

"माझंच वाक्य माझ्यासमोर साक्षीदार होऊन आलंय," तो मला म्हणाला.

"मग काढून टाक. त्यात काय?"

"उवेच्या बहिणीनं कंपनीला कळवलंय की ते वाक्य काढू नका. बाकी काहीही बदला."

बहीण वोल्फनब्युटलच्या वृद्धाश्रमात राहते. पुस्तिका छापायला जाण्याआधी तिला खरं सांगायचं, असं त्यानं ठरवलं. एकट्याला जाववेना, म्हणून मला नेलं.

फ्राऊ ब्राखमान, म्हणजे ब्राखमानबाई, खिडकीशी बसल्या होत्या. डोळ्यांनी जवळजवळ काही दिसत नाही. आमच्यासाठी आलुबुखारचा केक मागवून ठेवला होता.

"तुम्ही ते पान लिहिलंत ना?" त्या म्हणाल्या. "इथली नर्स मला ते वाचून दाखवते. मी तुमची फार आभारी आहे."

"फ्राऊ ब्राखमान, त्याबद्दलच बोलायचंय. ते विहिरीचं..."

"चाळीस वर्षं मला वाटत होतं, उवे आम्हाला टाकून गेला. आदल्या दिवशी माझं त्याच्याशी भांडण झालं होतं. मीच त्याला म्हटलं होतं, चालता हो." त्यांनी टेबलावर चाचपडून कप शोधला. "आल्झो, तर मग मला सांगा, पाण्याला इतका घाबरणारा माणूस मरायला पाणी निवडेल का? घसरलाच तो. अंधार होता, घसरला. विहिरीचं मी पार विसरून गेले होते. नर्सनं वाचलं आणि सगळं डोळ्यांसमोर आलं."

यशोधननं माझ्याकडे पाहिलं. मी केककडे पाहिलं.

"काय आलं डोळ्यांसमोर?" त्यानं हळूच विचारलं.

"मी सात वर्षांची होते. मीच धावत मामाला बोलवायला गेले. मामानं त्याला काढलं, पाय धरून उलटा केला. तोंडातून पाणी आलं आणि त्याबरोबर एक हिरवं पान. मामा हसला. म्हणाला, हा तर झाड गिळून आलाय."

यशोधनच्या हातातला काटा बशीवर वाजला.

"गेनाऊ, अगदी असंच," फ्राऊ ब्राखमान म्हणाल्या, जणू त्यानं काही विचारलं होतं. "झाड गिळून आलाय."

त्यानं केक संपवला, त्यांचा हात हातात घेतला आणि आम्ही निघालो. खरं सांगायचं राहून गेलं.

परतीच्या ट्रेनचा डबा रिकामाच होता. तो खिडकीबाहेर बघत होता.

"त्या हिरव्या पानाचं मी कुठंच लिहिलं नव्हतं," तो म्हणाला. "मामाचंही नाही. माझ्या मामानं मला असंच उलटं धरलं होतं. हेच म्हणाला होता. मराठीत."

"योगायोग असेल."

"थांब."

त्यानं फोन स्पीकरवर ठेवला आणि आईला लावला. चिंचवडला जेवणं उरकून काकू भांडी आवरत असाव्यात.

"आई, मी विहिरीत पडलो होतो तेव्हा तू कुठं होतीस?"

"कुठल्या विहिरीत?"

"लहानपणी. मामानं काढलं नव्हतं का?"

"अरे, तुझा मामा सोलापूरला तिसऱ्या मजल्यावर राहतो. आपण चिंचवडला दुसऱ्या. विहीर आणायची कुठून? बरा आहेस ना तू?"

"मग मी पाण्याला घाबरतो ते?"

"ते तू पहिल्यापासूनच. आंघोळीला घातलं की निळा पडेपर्यंत रडायचास. दाई म्हणायची, हे पोर कशाला तरी भिऊन आलंय. काही खाल्लंस का यशा?"

"खाल्लं. केक."

त्यानं फोन खिशात ठेवला. चेहरा शांत होता. मला ते आवडलं नाही.

"वैभवी, नीट आठवून सांग. विहिरीचं मी तुला कधी सांगितलं होतं? पान लिहिण्याआधी की नंतर?"

मी आठवायचा प्रयत्न केला. मला ती विहीर दिसत होती, कडेचं शेवाळ दिसत होतं. पण यशोधनच्या तोंडून ती ऐकल्याचा एकही प्रसंग आठवेना.

"तू सांगितलं नव्हतंस," मी म्हणाले. "मी ते पानावर वाचलंय. उवेबद्दल."

त्यानं मान हलवली, चाचणीचा निकाल आल्यासारखी. घरी जाऊन त्यानं कंपनीला कळवलं की ते वाक्य राहू द्या, आणि आधार म्हणून वृत्तपत्राच्या जागी बहिणीचं नाव घाला. पुस्तिका तशीच छापली. फ्राऊ ब्राखमान आता स्वस्थ झोपतात, असं नर्सनं लिहिलं. यशोधननं कुणाला फसवलं, की खरं तेच लिहिलं, हे मी अजूनही सांगू शकत नाही.

जुलैत तो म्हणाला, खाणीच्या तळ्यावर जाऊ. मला वाटलं, काठावर बसायचं असेल. ब्राउनश्वाइगच्या पाच वर्षांत मी त्याला कधी घोट्याच्या वर पाण्यात गेलेला पाहिला नव्हता. बोटीत बसायचा प्रश्नच नव्हता.

दुपार होती. पलीकडे पोरं उड्या मारत होती. त्यानं शर्ट काढला आणि सरळ चालत आत गेला. कमरेपर्यंत, छातीपर्यंत. मग पोहू लागला. लांब, संथ हात मारत. तसं पोहायला वर्षं लागतात.

"यशोधन, तू पोहायला कधी शिकलास?" मी ओरडले.

तो मधोमध पोचला होता. ओले केस मानेला चिकटले होते. इतके लांब झालेले माझ्या लक्षात आले नव्हते.

मी पुन्हा हाक मारली. पुन्हा. पलीकडची पोरं थांबून माझ्याकडे बघू लागली. तो मात्र पाठ करून पोहतच राहिला, ते नाव दुसऱ्या कुणाचं असल्यासारखा.

दुसरं नाव, उवेचं, माझ्या ओठांवर आलं होतं. ते मी उच्चारलं नाही. बुटांसकट पाण्यात शिरले आणि यशोधन, यशोधन असंच ओरडत राहिले. माझ्या गळ्यापर्यंत पाणी आलं तेव्हा कुठं त्यानं वळून पाहिलं.